सक्युलंट वाढतायत की नुसतेच लांबतायत?

बाल्कनीबहाद्दर
ठाणे, सातवा मजला, पूर्वेकडची बाल्कनी. ग्रिलमध्ये सक्युलंटच्या, म्हणजे पानांत-खोडात पाणी साठवणाऱ्या मांसल झाडांच्या, सहा कुंड्या: दोन एकेवेरिया, एक घोस्ट प्लांट, एक हॉवर्थिया, एक 'जेड' आणि एक लाल टोपीवालं निवडुंग. मे महिन्यापर्यंत सगळं ठीक होतं. आता ऑगस्टात एकेवेरियाच्या पानापानांत अर्ध्या पेराचं अंतर पडलंय, शेंडा उजेडाकडे मान काढून बसलाय आणि खालची पानं हात लागला की गळतात. जेडची पानं पिवळी. हॉवर्थिया जिथल्या तिथे. पाणी आठवड्यातून एकदा, अर्धी वाटी. माती नर्सरीतून आली तीच.

प्रश्न असा की ही मंडळी मुळात वाढतात कशी, आणि चांगली वाढावीत म्हणून काय घालावं? खत घालू? पाणी वाढवू की कमी करू? कुणालाही विचारलं की 'काही करू नका, आपोआप जगतात' एवढंच ऐकायला मिळतं. जगत नाहीयेत.

पेंद्या
आपोआप जगतो तो फक्त ड्रेनेजच्या पाइपाला फुटलेला पिंपळ. बाकी सगळ्यांचं करावं लागतं.

निशाचर
'काय घालावं' याच्या आधी 'वाढतात कशी' याचं उत्तर देतो, कारण अर्ध्या चुका तिथेच होतात.

साधं झाड दिवसा पानांवरची छिद्रं उघडतं, कार्बन डायऑक्साइड आत घेतं आणि त्याच वेळी त्यातून पाण्याची वाफही जाते. बहुतेक सक्युलंट हे काम रात्री करतात. रात्री छिद्रं उघडायची, वायू घ्यायचा, तो मॅलिक आम्लाच्या रूपात पेशींमधल्या पिशव्यांत साठवायचा, सकाळी दारं बंद. मग दिवसभर उन्हाच्या जोरावर त्या साठ्यातून साखर बनवायची. ही पद्धत क्रॅसुलेसी कुळाच्या नावाने ओळखली जाते. एकेवेरिया, घोस्ट प्लांट, सेडम, आपली पानफुटी, सगळे त्याच कुळातले. यातली गंमत म्हणजे सुरुवातीच्या नोंदींपैकी एक भारतातलीच आहे. बेंजामिन हाइन नावाच्या वनस्पतितज्ज्ञाने इथे असताना पानफुटीचं पान चावून पाहिलं: सकाळी आंबट, दुपारपर्यंत बेचव. ते त्याने लिहून कळवलं आणि १८१५ साली छापून आलं.

आता याचा तुमच्या ग्रिलशी संबंध. ही रात्रपाळी थंड रात्रीत चांगली चालते. ठाण्या-मुंबईत पावसाळ्याच्या रात्री पारा २५-२६ च्या खाली फारसा उतरत नाही, हवा दमट असते. अशा रात्री साठा कमी होतो आणि श्वसनात खर्च जास्त. दिवसा ढग, म्हणजे साखर बनवायला ऊनही नाही. म्हणजे आवक कमी, खर्च जास्त, आणि वर आपण पाणी घालतो. पाणी मिळालं की पेशी फुगून लांब होतात, पण त्यात भर काही नसते. तुमचं एकेवेरिया वाढत नाहीये, ताणलं जातंय.

त्यामुळे माझं मत सरळ आहे: कोकण पट्टीत जून ते सप्टेंबर वाढवायचा विचारच करू नका, फक्त टिकवा. वाढीचा हंगाम ऑक्टोबर ते फेब्रुवारी.

सुमन_मावशी
पानफुटीचं पान मीही चावून बघणार उद्या सकाळी :)

निशाचर
@सुमन_मावशी नको. पानफुटीच्या गटातल्या, म्हणजे कलांचोच्या, वनस्पतींत हृदयाला बाधणारी द्रव्यं असतात. हाइनसाहेबांनी चाखलंय, तेवढं पुरे. घरात मांजर किंवा लहान मूल असेल तर कलांचोच्या सगळ्या जाती उंचावर ठेवा.

खडीवाला
वरचं सगळं मान्य, पण थंड रात्र विकत मिळत नाही. आपल्या हातात माती आहे, तिच्यावर बोलू.

नर्सरीतली 'माती' म्हणजे बहुतेक वेळा निव्वळ कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा). नर्सरीच्या दृष्टीने ते बरोबर आहे: हलकं, ट्रकमध्ये सांडत नाही, शेडनेटखाली रोज पंखे आणि मोजून पाणी. घरी मात्र ते दोन्ही बाजूंनी छळतं. पावसाळ्यात आठ-दहा दिवस वाळत नाही. आणि उन्हाळ्यात एकदा पूर्ण वाळलं की पाणी आत घेतच नाही, कडेकडेने वाहून खाली जातं. आपल्याला वाटतं भिजलं.

मिश्रण असं: तीन भाग खडे, एक भाग गांडूळखत किंवा नीट कुजलेलं शेणखत, एक भाग साधी बागेची माती. पावसाळी पट्ट्यात मातीऐवजी चौथा भागही खडेच. खडे म्हणजे काय, तर विटांचे तुकडे, बांधकामावरची बारीक कच, कोकणात जांभ्याचा चुरा, मिळालं तर परलाइट किंवा प्युमिस (हलके, सच्छिद्र खडे). आकार ज्वारीपासून हरभऱ्यापर्यंत. घरातल्या चाळण्या पुरतात: मोठ्या भोकांच्या चाळणीतून खाली पडलेलं घ्यायचं आणि ते परत रव्याच्या चाळणीतून काढायचं. त्यातून जे खाली पडतं ती पूड फेकायची. ही पूड न काढणं हीच सगळ्यात मोठी चूक. 'मी पण विटा घातल्या होत्या' म्हणणाऱ्या दहातल्या नऊ जणांनी चाळलेलं नसतं, मग ती पूड खड्यांमधल्या जागा बुजवते आणि दोन महिन्यांत कुंडीत सिमेंट तयार.

मिश्रण बरोबर जमलं का ते बघायला मूठभर ओलं करून दाबा. मूठ उघडल्यावर लाडू झाला तर चूक, भसकन सुटलं तर ठीक.

गच्चीवरची_राधा
यात एक भर. कुंडीच्या तळाशी दोन इंच मोठी खडी किंवा फुटक्या कौलांचा थर द्यायचा, म्हणजे निचरा छान होतो. आमच्याकडे पिढ्यान् पिढ्या असंच करतात.

खडीवाला
@गच्चीवरची_राधा पिढ्यांचा मान राखून सांगतो, उलटं होतं.

भांडी घासायचा आयताकृती स्पंज घ्या. पूर्ण भिजवा आणि तळहातावर आडवा धरा. थोडं पाणी गळेल आणि थांबेल. आता तोच स्पंज उभा करा. न पिळता अजून पाणी गळेल. उभा केल्यावर पाण्याच्या स्तंभाची उंची वाढते आणि खालच्या टोकाला ओढ जास्त बसते. कुंडीतही हेच. बारीक मातीतून पाणी मोठ्या खडीत सहजासहजी उतरत नाही, माती तुडुंब भरल्याशिवाय सोडत नाही. म्हणजे तळाशी जो ओला पट्टा राहायचा तो दोन इंच वर सरकतो, थेट मुळांच्या पंक्तीत. थर द्यायचा तर भोक बुजू नये म्हणून एक खापरी किंवा जाळीचा तुकडा, बस.

याच कारणाने उथळ बशीसारख्या कुंड्या सक्युलंटसाठी दिसायला छान पण सांभाळायला अवघड. त्यात ओला पट्टाच अर्धी कुंडी व्यापतो. बशी वापरायचीच तर मिश्रणात खडे अजून वाढवा.

गच्चीवरची_राधा
स्पंज करून पाहिला. गळतंय खरं. पण सासूबाईंना तुम्ही येऊन सांगा.

चिमूटभर
पाण्याबद्दल कुणी बोललं नाही अजून. अर्धी वाटी आठवड्याला, हे मापच चुकीचं आहे. जास्त म्हणून नाही, मोजायची रीत चुकीची म्हणून. अर्ध्या वाटीने वरचा एक इंच भिजतो, खालची मुळं कोरडी राहून मरतात, आणि वरचा थर सतत ओला राहतो जिथे खोड सडतं. दोन्हीकडून तोटा. द्यायचं तेव्हा तळाच्या भोकातून धार येईपर्यंत द्या. मग पूर्ण वाळेपर्यंत विसरा.

वाळलं हे कसं कळणार? उदबत्तीची जळून उरलेली काडी तळापर्यंत खोचा, दहा मिनिटांनी काढा. काळपट, ओलसर किंवा माती चिकटलेली असेल तर थांबा. कोरडी आली तरी अजून दोन दिवस थांबा. सवय झाली की कुंडी उचलूनच कळतं. प्लास्टिकच्या कुंडीत हा फरक जास्त जाणवतो, कारण कुंडीचं स्वतःचं वजन नगण्य.

आणि हे एक पाठ करून ठेवा. पान सुरकुतलंय, मऊ आहे, माती कोरडी: तहान लागलीय, पाणी द्या, दोन-तीन दिवसांत टरटरीत होईल. पान सुरकुतलंय आणि माती ओली: मुळं गेली, पाणी देऊ नका, उपटून बघा. पान पिवळं, पारदर्शक, पाण्याने भरलेल्या फुग्यासारखं: पाणी जास्त. फक्त सगळ्यात खालचं एखादं पान कागदासारखं वाळतंय: काही नाही, म्हातारं झालं.

स्प्रेने पाणी मारणं बंद. पानांच्या बेचक्यात थेंब राहतो आणि तिथूनच काळं पडायला लागतं.

पेंद्या
'पान सुरकुतलंय, मऊ आहे' हे वाचून आरशात बघून आलो.

चिमूटभर
@पेंद्या माती कोरडी असेल तर पाणी प्या.

उजेडकर
धागाकर्त्याची खरी तक्रार लांबण्याची आहे, त्यावर येतो. पूर्वेकडची बाल्कनी, वर आठव्या मजल्याचा स्लॅब, समोर ग्रिल, आणि माझा अंदाज, वाळत घातलेले कपडे. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडे कललेला असल्याने काही बाल्कन्यांत ऊन आतपर्यंत येतं, पावसाळ्यात ते ढगांतच अडकतं. आपल्या डोळ्यांना ती जागा लख्ख वाटते, कारण डोळे जुळवून घेतात. झाड जुळवून घेत नाही.

सोपी चाचणी: भर दुपारी कुंडीच्या वर फूटभर अंतरावर हात धरा. सावलीत बोटं वेगळी दिसली तर एकेवेरियाला चालेल. नुसता धूसर डाग पडला तर हॉवर्थिया आणि सान्सेव्हेरिया (स्नेक प्लांट) एवढेच तग धरतील. सावलीच पडली नाही तर मनीप्लांट लावा.

एकेवेरियाला सकाळचं चार-पाच तास थेट ऊन हवं. ते मिळत नसेल तर एलईडी. महागडे जांभळे दिवे नकोत, साधी २० वॅटची पांढरी एलईडी ट्यूब रोपांच्या वर २०-२५ सेंटिमीटरवर, रोज १२ ते १४ तास. रात्री मात्र बंद करा. वर निशाचरांनी लिहिलंय तसं, यांचं अर्धं कामकाज अंधारात चालतं. चोवीस तास दिवा म्हणजे रात्रपाळीच रद्द.

उलट टोकाची चूकही सांगतो. लांबलेलं रोप घाबरून थेट पश्चिमेच्या उन्हात ठेवलं की दोन दिवसांत पानांवर तपकिरी, बसके डाग पडतात. ते भाजल्याचे डाग, जात नाहीत. आठवडा-दहा दिवस रोज एकेक तास वाढवत न्या. मार्चनंतर ३० ते ५० टक्क्यांची शेडनेट.

आणि लांबलेलं खोड परत आखूड होत नाही. कुठलंही खत घातलं तरी.

नवखा_२
मग त्याचं करायचं काय? टाकायचं?

उजेडकर
शिरच्छेद. खोडावर तीन-चार पानं ठेवून वरचा गुच्छ धारदार ब्लेडने कापायचा, ब्लेड आधी स्पिरिटने पुसून. गुच्छाखाली इंचभर दांडी उघडी ठेवायची. तो सावलीत, हवेशीर जागी पाच-सात दिवस नुसता ठेवायचा, कापलेला भाग कोरडा, टणक व्हायला हवा. मग रिकाम्या ग्लासच्या तोंडावर किंवा कोरड्या खड्यांवर बसवा. दोन-तीन आठवड्यांत गुलाबी-पांढरी मुळं दिसली की पाणी सुरू. खालच्या बुंध्यालाही महिन्याभरात कडेने पिल्लं फुटतात. काढलेली पानंही वाया जात नाहीत.

सुमन_मावशी
कापलेल्या जागी हळद लावावी, जंतू मरतात.

खडीवाला
हळदीने बिघडत काही नाही, पण काम वाळण्याने होतं. ओल्या हवेत हळद लावून लगेच मातीत खोचलं तर हळदीसकट सडतं. गंधकाची पूड मिळाली तर ती बरी.

चिमूटभर
पानांवरून एक. पान देठापाशी धरून डावी-उजवीकडे हलकेच हलवत काढा. तळाचा चंद्रकोरीसारखा भाग अख्खा निघाला पाहिजे. अर्धवट तुटलेल्या पानाला कधी मुळं येतात, पिल्लू येत नाही. तीन-चार दिवस वाळवून मिश्रणावर नुसतं ठेवायचं, पुरायचं नाही. घोस्ट प्लांटचं पान या बाबतीत बेशरम आहे, खिडकीच्या कडेवर पडलं तरी उगवतं. एकेवेरियाची दहातली निम्मी उगवतात. हॉवर्थियाच्या बाबतीत पानाच्या नादी लागू नका, बाजूची पिल्लं वेगळी करा. पिल्लू नखाएवढं होईपर्यंत आईपान तोडायचं नाही, त्याची शिदोरी त्यातच असते.

गडभटक्या
थोडं अवांतर, पण धाग्यात शोभेल. सक्युलंट म्हणजे परदेशी, वाळवंटी आणि पाऊस न चालणारे, असा सूर दिसला. आपल्याकडे शिवनेरीच्या कड्यावर शिंदळ माकुडी आहे. सह्याद्रीतल्या मोजक्या ठिकाणीच सापडते, अत्यंत दुर्मिळ. १८६०च्या दशकात डॅल्झेल नावाच्या वनस्पतितज्ज्ञाने तिचं वर्णन केलं आणि मुंबईचे तेव्हाचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या नावावरून फ्रेरिया इंडिका असं नाव दिलं. मांसल खोड, तांबडी चांदणीसारखी फुलं. पावसात पानं येतात, कोरड्यात सगळी झडतात आणि नुसतं खोड उरतं. तिची पानं साध्या झाडासारखी दिवसा वायू घेतात आणि खोड मात्र रात्रपाळी करतं. एकाच झाडात दोन्ही पद्धती!

मुद्दा असा की ती सह्याद्रीचा पाऊस डोक्यावर घेते आणि सडत नाही. कारण मुळं बेसाल्टच्या उभ्या कड्यातल्या कपारीत. पाणी येतं आणि निघून जातं. पावसाचं वावडं नाही, मुळाशी थांबलेल्या पाण्याचं आहे. (आणि कृपा करून कुणी उपटून आणू नका.)

खडीवाला
@गडभटक्या याहून चांगलं उदाहरण शोधून सापडलं नसतं. तरीही एकेवेरिया पावसात ठेवू नका, त्याचा गुच्छच वाटीसारखा असतो, मध्ये पाणी साठतं.

कोकणकडा
रत्नागिरीकडच्या हवेचे दोन शब्द. इथे पाऊस वरून येतो तसा आडवाही येतो, त्यामुळे नुसतं छप्पर पुरत नाही. पारदर्शक पत्रा किंवा यूव्ही प्लास्टिक, पण बाजू उघड्या. चारी बाजूंनी बंद केलं की आत वाफाळा होतो आणि आठवड्यात बुरशी. बंद जागेत ठेवायचंच तर छोटा टेबलफॅन दिवसातले काही तास. कुंड्या एकमेकींना चिकटवू नका, मध्ये चार बोटं जागा. काचेच्या बरणीतले 'टेरारियम' हा तर सक्युलंटला दिलेला तुरुंगवास, भोक नाही आणि वाराही नाही.

गोगलगायी रात्री टॉर्च घेऊन हाताने वेचा. मीठ टाकू नका, कुंडीत क्षार जातो.

नवखा_२
माझ्याकडे पानांच्या बेचक्यात कापसासारखं पांढरं काहीतरी आलंय. बुरशी का?

चिमूटभर
काडीने उचलून चिरडा. गुलाबी-नारिंगी ओल आली तर बुरशी नाही, पिठ्या ढेकूण. कुंडी बाकीच्यांपासून लांब. इअरबड ७० टक्के आयसोप्रोपाइल अल्कोहोलमध्ये बुडवून एकेक टिपायचा, संध्याकाळी, ऊन नसताना. पाच-सहा दिवसांनी पुन्हा, असं तीनदा, कारण अंड्यांवर पहिल्या खेपेत परिणाम होत नाही. मुंग्यांची रांग दिसते का बघा. त्यांना ढेकणाचा गोड चिकटा हवा असतो, म्हणून त्या त्याला राखतात, आणि मुंग्या बंद केल्याशिवाय ढेकूण जात नाहीत.

कारण नसताना झाड थांबलं असेल तर कुंडीतून काढून मुळं बघा. मुळांवर आणि कुंडीच्या आतल्या बाजूला पिठासारखं पांढरं असेल तर मुळांवरचा ढेकूण. सगळी माती फेकायची, मुळं धुवायची, तीन-चार दिवस वाळवून नव्या मिश्रणात.

कडुनिंबाचं तेल एकेवेरियावर मारू नका. पानावरची निळसर पावडर म्हणजे त्याचं नैसर्गिक मेण, तेलाने ती कायमची जाते आणि मग ऊन भाजतं. बोटांनीही पुसू नका.

गच्चीवरची_राधा
खताचं राहिलं. अंड्याची टरफलं आणि चहाचा चोथा घातला तर?

खडीवाला
चहाचा चोथा म्हणजे बारीक पूड, जी आपण चाळून काढली तीच परत. शिवाय ओला राहतो आणि चिलटं येतात. टरफलं विरघळायला इतका वेळ लागतो की तोवर नातवंडं पाणी घालतील. ऑक्टोबर ते फेब्रुवारी महिन्यातून एकदा १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारख्या प्रमाणात असलेलं विरघळणारं खत), लिटरला अर्धा ग्रॅम, ओल्या मातीवर. पावसाळ्यात आणि कडक उन्हाळ्यात शून्य. नत्र जास्त झालं की पानं मऊ, फिकट हिरवी आणि ढेकणांना मेजवानी.

बोअरचं पाणी असेल तर कुंडीच्या काठावर पांढरी कड येते, ते क्षार. दोन-तीन महिन्यांतून एकदा पावसाच्या साठवलेल्या पाण्याने कुंडी भरपूर धुऊन काढा.

सुमन_मावशी
पुण्यातल्या नणंदेचं घोस्ट प्लांट डिसेंबरात गुलाबी होतं, माझं मुंबईत राखाडीच. खत कमी पडतं का?

निशाचर
नाही, थंडी. कडक ऊन, गार रात्री आणि जरा उपासमार झाली की पानात लाल रंगद्रव्य तयार होतं. नर्सरीत रंग बघून घेतलेलं रोप मुंबईत हिरवट झालं तर ते आजारी नसतं.

बाल्कनीबहाद्दर
सगळं वाचलं, दंडवत. काडी खोचली: पाणी देऊन सहा दिवस झाले, अजून ओली. एक एकेवेरिया उपटून पाहिलं. कोकोपीटचा गोळा, त्याच्या आत कापडी जाळीची टोपली, त्यात मुळं. बाहेरचं तपकिरी मूळ ओढलं तर साल हातात आली, आत दोरा. खोडाच्या टोकाशी काळा ठिपका. आणि हो, कपडे तिथेच वाळतात.

खडीवाला
ती जाळी रुजवणीच्या वेळची, कापून काढा. साल निघणारी मुळं मेलेली. काळा ठिपका असलेलं खोड कापत वर जा, दर कापाला ब्लेड पुसा, काप पूर्ण फिकट हिरवा आणि एकसारखा दिसेपर्यंत. मध्ये तपकिरी वर्तुळ उरलं तर अजून वर. याला ऑक्टोबरची वाट बघता येणार नाही, आजच कापा, पंख्याखाली दहा दिवस वाळवा. दुसरं एकेवेरिया धडधाकट असेल तर फक्त मिश्रण बदला, चार-पाच दिवस पाणी नाही, शिरच्छेद ऑक्टोबरात.

तुमचं 'जेड' बघा: पान अंगठ्याच्या नखाएवढं आणि खोड तांबूस असेल तर ते खरं जेड, म्हणजे क्रॅसुला, नव्हे, तर पोर्तुलाकारिया नावाचं दुसरंच झाड. आपल्या नर्सऱ्यांत जेड म्हणून बहुधा हेच देतात. त्याला ऊन आणि पाणी दोन्ही जरा जास्त चालतं. पिवळी पानं ओल्या कोकोपीटमुळेच, मिश्रण बदललं की सावरेल.

उजेडकर
हॉवर्थियाला हात लावू नका, उकाड्यात तो थांबतोच, नोव्हेंबरात हलेल. लाल टोपीवाल्या निवडुंगाच्या टोपीत हरितद्रव्य नाही, ते खालच्या हिरव्या खोडावर कलम केलेलं आहे आणि त्याच्याच जिवावर जगतं. दोन-चार वर्षं टिकलं तर नशीब. खालच्या खोडाला फुटवा आला तर कापा, नाहीतर टोपी उपाशी मरेल.

बाल्कनीबहाद्दर
तिसऱ्या कापाला हिरवं लागलं. गुच्छ पंख्याखाली ठेवलाय. 'जेड'चं खोड तांबूसच आहे.

उजेडकर
छान. आता कपड्यांची दोरी दुसरीकडे बांधा.